‘चक्र’चं पोस्टर आणि आमचा हंडा

वादग्रस्त कादंबरीवर सिनेमा येतोय म्हटलं की दोन टोळ्या लगेच जमतात. एक ओरडते, तो सीन काढा. दुसरी म्हणते, तोच सीन पोस्टरवर लावा. कादंबरी दोघांनीही वाचलेली नसते.

जयवंत दळवींची ‘चक्र’ घ्या. १९६३ सालची. मुंबईच्या झोपडपट्टीतली भूक, शिव्या, वासना, सगळं जसंच्या तसं. पांढरपेशा वाचकाच्या अंगावर येणारं. १९८१ मध्ये रवींद्र धर्मराज यांनी त्यावर हिंदी सिनेमा केला. स्मिता पाटीलला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, लोकार्नो महोत्सवात सिनेमाला सर्वोच्च बक्षीस मिळालं. पण गाजलं काय? तिची उघड्यावरची आंघोळ. पोस्टरवर तीच. बाईचं उघडं अंग दाखवून प्रेक्षक ओढायची ही सवयच चुकीची आहे, असं खुद्द स्मिता मुलाखतीत बोलली होती.

मी शहापूरची. ती अम्मा उघड्यावर का आंघोळ करते, हे मला कुणा समीक्षकाने सांगायला नको. झोपडीत मोरी नाही, म्हणून. आमच्या तालुक्यात तानसा आहे, भातसा आहे. दोन्हींचं पाणी मुंबईला जातं. तानसाचं तर १८९२ पासून. शेजारी मुरबाडच्या जमिनी बारवी धरणाखाली गेल्या. आणि उन्हाळा लागला की आमच्याच पाड्यांवर टँकरची वाट बघत हंड्यांची रांग लागते. इथे ओढ्यावर कुणी बाई आंघोळ करताना दिसली, तर माणूस मान वळवून पुढे जातो. ती साधी रीत आहे. पोस्टरने ती रीत मोडली आणि वर त्याला धाडस म्हटलं.

कुणी म्हणेल, मग झाकायचं का सगळं? अजिबात नाही. सीन कापणारेही तेच करतात: बाईचं अंग तेवढं बघतात, पाणी बघत नाहीत. कादंबरी आधी तुम्हाला त्या घरात राहायला लावते. पोस्टर दारातूनच डोकावतं. आज पोस्टरच्या जागी थंबनेल आलंय, एवढाच फरक. आणि त्यावर बोट आपलंच पडतं.

उद्या कुणी आमच्या पाड्यावरच्या कादंबरीसाठी इथे कॅमेरा लावेल. लावा. आंघोळही दाखवा. फक्त पोस्टरवर तिच्या शेजारचा हंडा कापू नका.