आधी व्याख्या, मग वाद

२८ जानेवारी १९४८ रोजी बीबीसीच्या ‘थर्ड प्रोग्रॅम’वर देवाच्या अस्तित्वावर एक वाद झाला. एका बाजूला चाळिशीचे जेझुइट धर्मगुरू फादर फ्रेडरिक कोपल्स्टन, दुसऱ्या बाजूला पंचाहत्तरीचे तत्त्वज्ञ बर्ट्रांड रसेल. कोपल्स्टन यांनी तोंड उघडले ते प्रतिपक्षाला खोडून काढायला नव्हे. देव म्हणजे जगाहून वेगळा, जगाचा निर्माता असा व्यक्तिरूप परमात्मा. निदान या चर्चेपुरता हा अर्थ तुम्हाला चालेल का, असे त्यांनी विचारले. रसेल हो म्हणाले. देव नाही हे सिद्ध करता येते असे तुमचे म्हणणे आहे का, हा पुढचा प्रश्न. तसे नाही, मी अज्ञेयवादी आहे, असे रसेल यांनी सांगितले. एवढे झाल्यावर मग वादाला तोंड फुटले.

मला ही सुरुवात सबंध वादाइतकीच मोलाची वाटते. आपल्या न्यायशास्त्राने वाद, जल्प आणि वितंडा वेगळे केले: सत्य कळावे म्हणून बोलतो तो वाद, जिंकण्यासाठी तो जल्प, स्वतःची बाजू न मांडता नुसते खोडायचे ती वितंडा. आज वाहिन्यांवर धर्माची चर्चा लागली की पडद्यावर सहा चौकटी दिसतात, तिघे एकदम ओरडत असतात, आणि ‘तुमचे म्हणणे मला असे समजले, बरोबर ना?’ हे वाक्य तासाभरात एकदाही कानावर पडत नाही. श्रद्धावान आणि बुद्धिवादी, दोघांचेही यात नुकसान होते.

त्या वादात गुळमुळीत काही नव्हते. जगातली प्रत्येक गोष्ट दुसऱ्या कशावर तरी अवलंबून आहे, मग सगळ्या जगाला आधार कशाचा, असा कोपल्स्टन यांचा सवाल. प्रत्येक माणसाला आई असते, म्हणून मानवजातीला आई असलीच पाहिजे असे नाही, हे रसेल यांचे उत्तर. जो बुद्धिबळाच्या पटासमोर बसायलाच तयार नाही त्याच्यावर मात कशी होणार, असेही कोपल्स्टन यांनी सुनावले. दोघेही आपल्या जागेवरून हलले नाहीत. पण वाटा नेमक्या कुठे फुटतात, ती जागा ऐकणाऱ्याला दिसली.

पुढच्याच वर्षी कोपल्स्टन यांनी तत्त्वज्ञ ए. जे. एयर यांच्याशीही बीबीसीवर असाच वाद केला. तोवर त्यांच्या पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाच्या इतिहासाचे काम सुरू झालेलेच होते. त्याचा आठवा खंड १९६६ साली निघाला, तेव्हा रसेल हयात होते. त्यात या धर्मगुरूने रसेल यांना तीन प्रकरणे दिली आहेत, आणि खंडाच्या नावातच त्यांचे नाव आहे: ‘बेंथम ते रसेल’.