पदक नाही, म्हणून पडदाही नाही?

ऑलिंपिकवरच्या चित्रपटात कोणी दिसावे, हे पदकतक्त्यानेच ठरवावे, असे मानणारे पुष्कळ आहेत. १९६४च्या तोक्यो ऑलिंपिकवरचा कोन इचिकावा यांचा जवळजवळ तीन तासांचा चित्रपट १९६५ साली आला, तेव्हा ऑलिंपिकची जबाबदारी असलेले मंत्री इचिरो कोनो यांनीही हीच तक्रार केली की याला नोंद म्हणता येत नाही. तक्रार अगदीच पोकळ नव्हती. आयोजकांनी करवून घेतलेल्या चित्रपटात चाडच्या अहमद इसामागे कॅमेरा इतका वेळ का रेंगाळावा? ८०० मीटरच्या उपांत्य फेरीतच तो बाद झाला होता. पण वेळा, अंतरे आणि क्रमांक अधिकृत अहवालात छापलेले असतातच. तेवढ्यासाठी चित्रपट कशाला हवा? १९६० साली स्वतंत्र झालेल्या देशातून आलेला तरुण क्रीडाग्रामात एकटाच जेवतो, ही गोष्ट कोणत्या तक्त्यात सापडणार? शिवाय इचिकावांनी विजेत्यांना डावललेले नाही. मॅरेथॉनमधला अबेबे बिकिलाचा चेहरा त्यांनी जितका जवळून दाखवला, तितका क्वचितच कोणी दाखवला असेल.

विजेता दाखवला की नोंद खरी, हेही गृहीत धरता येत नाही. लेनी रीफेनश्टाल यांच्या ‘ऑलिंपिया’त १९३६च्या बर्लिनमधल्या बांबूउडीचे विजेते दिसतात खरे, पण मूळ स्पर्धा अंधार पडेपर्यंत लांबली, म्हणून खेळाडूंना पुन्हा बोलावून उड्या मारायला लावल्या आणि ती दृश्ये चित्रपटात घातली. (त्या चित्रपटामागे नाझी राजवटीचा पैसा होता, हा आणखी निराळा हिशेब.) दिग्दर्शकाला निवडीची मोकळीक दिली तर असली बनवाबनवीही चालवून घ्यावी लागेल, असे कोणी म्हणेल. तसे मुळीच नाही. घडलेल्यातून निवडणे हे संपादन. पुन्हा घडवलेले मूळ म्हणून खपवणे ही फसवणूक. दुसरा आक्षेप मात्र जड आहे. इसाला पडदा मिळाला तो नव्या आफ्रिकेचे प्रतीक म्हणून, आणि त्याच्याविषयी बोलतो निवेदक. ही उणीव मान्य करायलाच हवी. पण त्यावरचा उपाय त्याला अधिक बोलू देणे हाच; त्याला कापून टाकल्याने ती भरून निघत नाही. आयोजकांच्या मनासारखा, निकालांना धरून चालणारा दुसरा चित्रपटही त्याच चित्रणातून १९६६ साली काढण्यात आला. आज जगभर पाहिला जातो तो इचिकावांचाच.