घरपट्टीची पावती म्हणजे सातबारा नव्हे

आखातात राहणाऱ्या आपल्यापैकी बहुतेकांच्या मनात एक घर असते आणि ते ठाणे, कल्याण, वसई किंवा नव्या मुंबईच्या आसपास कुठेतरी असते. इथल्या वकिलातीतून मुखत्यारपत्र साक्षांकित करून भावाकडे नाहीतर मेहुण्याकडे पाठवायचे, पगारातून हप्ते भरायचे आणि सुट्टीत जाऊन भिंतींचा रंग ठरवायचा, अशी आपली रीत. म्हणूनच दिघ्याची हकीकत सभासदांपुढे ठेवावी असे आम्हांला वाटले.

दिघा हे ठाणे-बेलापूर पट्ट्यातले, औद्योगिक वसाहतीला लागून असलेले गाव. तिथे मुख्यतः एमआयडीसीच्या जमिनीवर परवानगीशिवाय इमारती उभ्या राहिल्या. प्रकरण जनहित याचिकेने मुंबई उच्च न्यायालयात गेले, ९९ इमारती अनधिकृत म्हणून पुढे आल्या आणि २०१५ साली पाडकामाला सुरुवात झाली. आपण फसवले गेलो, असे रहिवाशांचे म्हणणे होते आणि ते खोटे नव्हते. पण जमीन सरकारी होती, हेही खोटे नव्हते. पुढे राज्य सरकारने ३१ डिसेंबर २०१५ पर्यंतची बांधकामे नियमित करण्याचे धोरण न्यायालयापुढे ठेवले. २०१६ साली न्यायालयाने ते मान्य केले नाही, तेव्हा २०१७ मध्ये नगररचना कायद्यातच कलम ५२ अ घालण्यात आले.

‘नियमित करून टाका’ हा सूर आपल्या मंडळातही अधूनमधून निघतो. आम्ही त्या सुरात सूर मिसळणार नाही. नालासोपाऱ्यात ज्या ४१ इमारती उच्च न्यायालयाच्या आदेशाने २०२५ च्या आरंभी पाडून झाल्या, त्या जागेवर सांडपाणी प्रकल्प आणि कचराभूमीचे आरक्षण होते. हजारो माणसांचे संसार रस्त्यावर आले, हे वाचून कोणाचेही काळीज हलेल. पण वसई-विरारचे सांडपाणी मग कुठे जायचे? इमारत नियमित झाली की बिल्डरचा नफा पक्का होतो आणि पुढच्या मोकळ्या भूखंडाकडे पाहणाऱ्याला धीर येतो.

मात्र न्याय एकाच बाजूने होतो, ही आमची खरी तक्रार आहे. इमारत एका रात्रीत उगवत नाही. प्रत्येक मजल्याच्या स्लॅबला लोक आणि सिमेंटचे ट्रक लागतात, ते वॉर्ड ऑफिसला दिसतात. वीज येते, नळ येतो, मुद्रांक शुल्क सरकारच्या तिजोरीत जाते. घरपट्टीही लागते. आणि गंमत अशी की, महापालिका हद्दीत अनधिकृत बांधकामाला घरपट्टीवर दुप्पट शास्ती लावण्याची तरतूद कायद्यातच आहे. ती भरली तरी घर अधिकृत होत नाही. आपला माणूस मात्र त्या पावत्या फाईलला लावून निर्धास्त असतो. डोंबिवलीत तर ६५ इमारतींच्या प्रकरणात महापालिकेच्या परवानगीची कागदपत्रेच बनावट निघाली आणि त्यांवर रेरा नोंदणीही मिळालेली होती. रसायनशाळेत आम्ही बाटलीवरच्या लेबलावर विसंबत नाही, नमुना तपासतो. रेरा कार्यालयाने महापालिकेला एक पत्र लिहून विचारायला काय हरकत होती?

दुबईत २००७ च्या कायद्याने नव्या प्रकल्पातल्या ग्राहकाचे पैसे त्या प्रकल्पाच्या स्वतंत्र खात्यात जातात आणि काम पुढे सरकेल तसे बिल्डरला मिळतात. तिकडेही नियम नाहीत असे नाही. सर्वोच्च न्यायालयाने १७ डिसेंबर २०२४ रोजी मेरठच्या एका प्रकरणात सांगितले की, भोगवटा प्रमाणपत्राशिवाय वीज-पाणी देऊ नये, बँकांनीही ते पाहूनच इमारतीवर कर्ज द्यावे आणि चुकीच्या परवानग्या देणाऱ्या अधिकाऱ्यांवर खातेनिहाय कारवाई व्हावी. महाराष्ट्र सरकारने हे पाळावे. शिवाय इमारत पाडायचीच असेल तर आधी बिल्डरची मालमत्ता जप्त करावी आणि फसलेल्या ग्राहकाचे मुद्रांक शुल्क व्याजासह परत द्यावे. बेकायदा घराच्या खरेदीवर सरकारने कमाई का करावी?

आता आपल्यापुरते. टोकन देण्याआधी भावाला सर्व्हे नंबर विचारा. महाभूलेखवर सातबारा इथे घरी बसून पाहता येतो. शहरी भागात सातबाऱ्याऐवजी मालमत्ता पत्रक असते. मालकाच्या रकान्यात ‘महाराष्ट्र शासन’ किंवा एखादे महामंडळ दिसले, अथवा भोगवटादार वर्ग २ असे लिहिलेले असले, तर तिथेच थांबून वकिलाला दाखवा. बांधकाम परवानगीचा क्रमांक बिल्डरच्या झेरॉक्सवरून घेऊ नका. भावाला एक दिवस रजा काढून महापालिकेच्या नगररचना विभागात जाऊन पडताळून यायला सांगा. त्याला वाईट वाटेल, बिल्डर त्याच्या ओळखीचा असेल. तरी सांगा.