सहा मैलांच्या चौकोनातील सत्ता

अमेरिकेच्या मिशिगन राज्यातील सलीन टाऊनशिपच्या मंडळाने सप्टेंबर २०२५ मध्ये ५७५ एकर शेतजमीन डेटा सेंटरसाठी खुली करण्याचा प्रस्ताव ४ विरुद्ध १ मतांनी फेटाळला. काही दिवसांतच विकासक कंपनी व जमीनमालक न्यायालयात गेले आणि ऑक्टोबरमध्ये याच मंडळाने तडजोड मान्य करून प्रकल्पाची वाट मोकळी केली. ओपनएआय आणि ओरॅकल या कंपन्यांच्या नावाशी जोडलेला हा प्रकल्प १.४ गिगावॉट विजेचा आहे. टाऊनशिपची लोकसंख्या मात्र जेमतेम सव्वादोन हजार. मंडळाच्या या माघारीचे कारण सदस्यांच्या कचखाऊपणात शोधण्यापेक्षा या संस्थेच्या घडणीत शोधावे लागते.

आपल्याकडे टाऊनशिप म्हटले की बिल्डरची गृहसंकुले आठवतात. अमेरिकेतील टाऊनशिप मात्र मुळात नकाशावरील चौकोन आहे. स्वातंत्र्ययुद्धानंतर रिकाम्या झालेल्या तिजोरीसाठी पश्चिमेकडील जमीन विकता यावी, म्हणून १७८५ च्या भूमी अध्यादेशाने तिची सहा मैल लांब, सहा मैल रुंद चौकोनांत मोजणी ठरवली. प्रत्येक चौकोनाचे ३६ विभाग, प्रत्येक विभाग ६४० एकरांचा आणि सोळावा विभाग शाळेसाठी राखीव. तेथे पूर्वापार राहणाऱ्या मूलनिवासींना या आखणीत स्थान नव्हते. नद्या व टेकड्यांची पर्वा न करता ओढलेल्या या रेषांवरच पुढे रस्ते झाले, शेतांचे बांध पडले आणि स्थानिक सरकारेही उभी राहिली. आज २० राज्यांत सुमारे १६ हजार टाऊनशिप सरकारे आहेत; एकट्या मिशिगनमध्ये १२४०.

तेथील लहान टाऊनशिपचा कारभार पर्यवेक्षक, चिटणीस, कोषाध्यक्ष व दोन विश्वस्त असे पाच निवडून आलेले प्रतिनिधी पाहतात. मालमत्तेचे मूल्यांकन, करवसुली, निवडणुका, अग्निशमन, दफनभूमी ही त्यांची कामे. ग्रामीण रस्ते १९३१ च्या मॅकनिट कायद्याने काउंटीकडे गेले. उरलेला खरा वजनदार अधिकार एकच. कोणत्या जमिनीवर काय उभे राहावे, हे ठरविण्याचा.

आता त्याच अधिकाराला दोन्ही बाजूंनी ओहोटी लागली आहे. एखाद्या जमीनवापराची गरज सिद्ध झाल्यास त्याला हद्दीत सरसकट मज्जाव करता येत नाही, असे राज्याचा कायदा सांगतो. सलीनविरुद्धच्या दाव्याचा आधार हाच होता. खटला लढण्याचा खर्च आणि हरल्यास पदरी काहीच न पडण्याची भीती यांपुढे मंडळाने अग्निशमन दले, शेतजमीन संवर्धन आदींसाठी सुमारे १ कोटी ४० लाख डॉलर पदरात पाडून घेतले. दुसरीकडे, २०२३ च्या कायद्याने मोठ्या सौर व पवन प्रकल्पांबाबत स्थानिक नियम राज्याच्या निकषांहून कडक असतील, तर विकासकाला थेट वीज नियमन करणाऱ्या राज्य आयोगाकडे दाद मागण्याची मुभा मिळाली.

लोकांच्या हाती मग मतपेटी उरते. ग्रीन टाऊनशिपमध्ये गोशन या चिनी मुळाच्या कंपनीच्या बॅटरी कारखान्याला पाठिंबा देणाऱ्या पाच पदाधिकाऱ्यांना मतदारांनी नोव्हेंबर २०२३ मध्ये पदावरून दूर केले. नव्या मंडळाने पाठिंबा मागे घेतला, कंपनीने दावा लावला आणि अखेर ऑक्टोबर २०२५ मध्ये प्रकल्प सोडून दिल्याचे राज्य शासनाने जाहीर केले.

राज्याची बाजूही दुर्लक्षिण्याजोगी नाही. १२४० मंडळांपैकी प्रत्येकाला नकाराधिकार दिला, तर स्वच्छ विजेची उद्दिष्टे कागदावरच राहतील. शिवाय जमीन विकू पाहणारा शेतकरीही त्याच टाऊनशिपचा नागरिक असतो. परंतु निर्णयाचा अधिकार टाऊनशिपकडे आणि तो निभावण्याचे बळ इतरांकडे, ही विभागणी टिकाऊ नाही. न्यायालयीन लढाई व तांत्रिक तपासणी यांसाठी राज्याने या संस्थांना निधी व तज्ज्ञ पुरवले, तर त्यांच्या होकाराला वा नकाराला अर्थ राहील. अन्यथा सहा मैलांच्या चौकोनात मतदान होत राहील आणि निकाल चौकोनाबाहेर ठरत राहील.