घणाचे पोचे

पशुखाद्याच्या कारखान्यातला एखादा जुना हॉपर पाहावा. निमुळत्या भागावर घणाचे पोचे बहुधा दिसतातच. वाशीम, रिसोड, कारंजा हा सोयाबीनचा पट्टा. अख्खं सोयाबीन हॉपरमधून सुरळीत घरंगळतं. त्याचीच दळलेली पेंड मात्र तोंडाशी कमान धरून बसते. मग कुणीतरी घण उचलतो.

कणाचा व्यास दहापट कमी झाला की वजन हजारपट घटतं, पण रेणूंमधलं आकर्षण साधारण दहापटच कमी होतं. म्हणून अख्ख्या दाण्यात खिजगणतीतही नसलेला चिकटपणा पिठात वजनाला भारी पडतो. माल ओलसर असेल तर कणाकणांत अडकलेलं पाणी त्यांना आणखी जवळ ओढतं.

वजन बाजूला ठेवून हे खेळ पाहायचे तर अंतराळातच जावं लागतं. कोलोरॅडो विद्यापीठातील स्टाइन स्टुरे यांनी रबरी वेष्टणात भरलेला वाळूचा स्तंभ १९९६ आणि १९९८ मध्ये अंतराळयानातून पाठवला आणि तिथे तो सावकाश दाबून पाहिला. जमिनीवर वरच्या थराचा भार खालच्या कणांवर पडतोच, त्यामुळे अगदी कमी दाबाखाली वाळू कशी वागते हे नीट मोजता येत नाही. वर ती अपेक्षेपेक्षा बरीच मजबूत निघाली. हाच प्रयोग जानेवारी २००३ मध्ये कल्पना चावला ज्यात होत्या त्या कोलंबिया यानातून पुन्हा गेला. १ फेब्रुवारीला यान परतताना नष्ट झालं. त्याच सुमारास अंतराळ स्थानकात असलेल्या डॉन पेटिट यांनी पिशवीत मीठ-साखर घालून हलवली, तर कणांचे बघता बघता गोळे झाले. कारण स्थिर विद्युतभार.

आपल्या कामाचं उत्तर मात्र बरंच जुनं आहे. यूटा विद्यापीठातील अँड्र्यू जेनिके यांनी १९६४ मध्येच मालाची कातरताकद मोजून हॉपरचा उतार आणि तोंडाची रुंदी ठरवण्याची रीत मांडली. तरी आपल्याकडे हॉपर पत्र्याच्या मापाने होतो, मालाच्या नाही! घणाने तर तोंड बंद असताना माल उलट आणखी ठासला जातो आणि पोचा पडलेल्या पत्र्यावर पुढचा माल अडतो. पेंडीचा ओलावा तपासावा, आधी आलेला माल आधी काढावा, नव्या हॉपरची मागणी नोंदवताना कारागिराला मालाचा नमुना द्यावा.

कमान फोडायला कामगाराला आत उतरवण्याची सवय तर आजच बंद व्हायला हवी. वरून घट्ट दिसणाऱ्या पेंडीखाली पोकळी असू शकते.