गोदीतला स्फोट आणि दुसरीचा वर्ग

१४ एप्रिल १९४४ ची दुपार. मुंबईच्या व्हिक्टोरिया डॉकमध्ये उभ्या असलेल्या ‘फोर्ट स्टिकीन’ या जहाजातून धूर येऊ लागला. जहाजात सुमारे १,४०० टन स्फोटकं होती आणि त्यांच्या जोडीला कराचीत चढवलेल्या कापसाच्या गासड्या. बंबवाल्यांनी पाण्याचा मारा चालू ठेवला, पण आग हटेना. चार वाजून गेल्यावर पहिला स्फोट झाला, अर्ध्या तासाच्या आसपास दुसरा. गोदीलगतच्या वखारी आणि वस्त्या पेटल्या, शेकडो माणसं गेली, हजारो बेघर झाली. अग्निशमन दलाचे ६६ जवान त्यात गेले. त्यांच्या स्मरणार्थ १४ एप्रिलपासून देशभर अग्निशमन सेवा सप्ताह पाळला जातो. ही हकिकत मुंबईतल्या सहा-सात वर्षांच्या मुलांना शाळेत सांगावी का, यावर शिक्षकांत आणि पालकांत प्रामाणिक मतभेद होऊ शकतात.

सांगावी म्हणणाऱ्यांच्या हाती एक चांगला दाखला आहे. इंग्लंडच्या अभ्यासक्रमात पाच ते सात वर्षांच्या मुलांसाठी १६६६ ची लंडनची आग उदाहरण म्हणून सुचवलेली आहे. तिथे अनेक शाळांत मुलं पुठ्ठ्याची घरं करतात, मोठ्यांच्या देखरेखीखाली ती मैदानात पेटवली जातात, आणि एका घरावरून दुसऱ्यावर ज्वाळा कशी जाते हे मुलं डोळ्यांनी बघतात. पुडिंग लेनमधली बेकरी, लाकडी घरं, चिंचोळ्या गल्ल्या, कोरडा उन्हाळा, सुटलेला वारा. एका गोष्टीमुळे दुसरी घडते, हे सातव्या वर्षी इतक्या सहज समजावणारा धडा दुसरा सापडणं कठीण. आपल्याकडे तिसरीचं परिसर अभ्यासाचं पुस्तक जिल्हावार निघत आलं ते याच विचाराने, की मुलाने इतिहासाची सुरुवात आपल्या पायाखालच्या जमिनीपासून करावी.

मात्र लंडनची आग लहानांना सांगता येते ती बऱ्याच अंशी ती दूरची आहे म्हणून. मध्ये साडेतीन शतकं गेली आहेत. तेरा हजारांवर घरं जळाली, तरी नोंदले गेलेले मृत्यू मोजके आहेत. मुलांच्या लक्षात राहतात ते बागेत खड्डा खणून चीज पुरून ठेवणारे त्या काळचे रोजनिशीकार सॅम्युअल पेपिस. मुंबईच्या आगीला असं अंतर नाही. तिची वर्णनं मोठ्यांनाही वाचवत नाहीत. शिवाय इथलं मूल दहा बाय दहाच्या खोलीत सिलिंडरपासून चार हातांवर झोपतं, त्याच्या इमारतीचा जिना सामानाने अडलेला असतो. अशा मुलाला आगीची गोष्ट सांगितली तर ती इतिहासाची राहत नाही, त्याच्या घराची होते. भीती घालून शिकवू नये, हे बालशिक्षणात मुरलेल्या माणसांचं म्हणणं हळवेपणा म्हणून बाजूला सारता येणार नाही.

दुसरीकडे, न सांगितल्याने मूल निर्धास्त राहतं असंही नाही. आगीच्या बातम्या घरात टीव्हीवर चालूच असतात. २००४ मध्ये तमिळनाडूतल्या कुंभकोणमला शाळेच्या आगीत ९४ मुलं गेली. ती प्राथमिक वर्गातली होती. मुलाने अर्धवट ऐकलेल्या गोष्टीला शाळेने सुरुवात, मध्य आणि शेवट दिला, तर भीती वाढण्यापेक्षा आवाक्यात येण्याचीच शक्यता जास्त, असं मला वाटतं.

माझ्या सात वर्षांच्या नातीला मी ही गोष्ट सांगितली तेव्हा सोन्याने सुरुवात केली. जहाजात सोन्याच्या विटाही होत्या, आणि एक वीट मैलभर उडून एका पारशी गृहस्थाच्या घराचं छप्पर फोडून आत पडली. तिचे डोळे विस्फारले. पुढचा अर्धा तास ती फक्त सोन्याबद्दल विचारत राहिली आणि बंबवाले बाजूलाच पडले. सुरुवात तिथून करायला नको होती. दुसऱ्या दिवशी मात्र तिने आपणहून विचारलं, “आजोबा, आग विझतच नव्हती, तर ते पळाले का नाहीत?”

या प्रश्नाला दोन उत्तरं आहेत. ते शूर होते, हे पहिलं. ते खरं आहे आणि मुलांना ते मिळायला हवं. पण तेवढ्यावर थांबलं तर अपघात हा शौर्याचा प्रसंग होऊन बसतो, आणि तो घडलाच का हे विचारायचं राहून जातं. दुसरं उत्तर मालाचं आहे. पेट घेणारा कापूस आणि फुटणारी दारू एकाच जहाजाच्या पोटात ठेवली होती. स्फोटकं घेऊन आलेल्या जहाजाने लाल निशाण लावायचं, असा रिवाज होता. युद्धाच्या धामधुमीत या जहाजावर ते नव्हतं. जहाज बुडवावं की बंदराबाहेर न्यावं, याचा निर्णय वेळेत झाला नाही. यातलं निशाण सात वर्षांच्या मुलाला नक्की समजतं. निर्णयाची गोष्ट त्याला जड जाईल. युद्धकाळातली सेन्सॉरशिप, जपानी हल्ला झाला म्हणून उठलेल्या अफवा, हेही आठवी-नववीचं काम आहे.

म्हणून माझा कल सांगण्याकडे आहे, पण जपून. दुसरी-तिसरीत गोष्ट धुरापासून चार वाजेपर्यंत सांगावी. मग जहाज फुटलं आणि ६६ बंबवाले घरी परतले नाहीत, एवढं सरळ शब्दांत सांगून थांबावं. प्रेतांची वर्णनं नकोत, छायाचित्रंही नकोत. ज्या मुलाच्या घरात आग लागून गेली आहे, त्याच्या पालकांशी शिक्षिकेने आधी बोलून घ्यावं. यात वर्गाचे दोन-तीन तास जातील, आणि एप्रिलमध्ये परीक्षांच्या गर्दीत ते काढणं शिक्षकांना सोपं नाही. १४ तारखेला आंबेडकर जयंतीची सुट्टी असते, त्यामुळे धडा सप्ताहातल्या पुढच्या एखाद्या दिवशी घ्यावा लागेल. त्याच दिवशी मुलांना रांगेने शाळेच्या जिन्यावरून खाली उतरवावं, आणि वाटेत काय काय अडवून ठेवलं आहे ते त्यांनाच मोजायला सांगावं.