अपील टाकले म्हणजे स्टे मिळाला नव्हे

गळीत हंगाम सुरू झाला की बांधाचे तंटे रस्त्यावर येतात. एकाचा ऊस तोडून तयार, अन् दुसऱ्याने वहिवाटीच्या रस्त्यात चर खणलेला. कोर्टाचा मनाई हुकूम दाखवला तर समोरचा म्हणतो, "आम्ही वर अपील टाकलंय, आता काय करायचं ते करा." मुकादम टोळी घेऊन दुसऱ्या फडात जातो अन् तोडलेला ऊस वाळत पडतो.

हे बोलणे कायद्याला धरून नाही. नुसते अपील दाखल केल्याने खालच्या कोर्टाचा हुकूम थांबत नाही, हे दिवाणी प्रक्रिया संहितेतच लिहिले आहे. वरच्या कोर्टाने स्थगिती दिली तरच तो थांबतो. तोवर हुकूम चुकीचा वाटला तरी पाळायचा. तात्पुरत्या मनाई हुकुमाचा भंग केला तर मालमत्तेवर जप्ती येते अन् तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते.

न्यायालय अवमान कायदा १९७१ चा. कोर्टाचा हुकूम जाणूनबुजून मोडणे हा त्यात दिवाणी अवमान. कोर्टात दिलेली हमी मोडणे हाही तोच अवमान. आपले लोक पुढची तारीख मिळावी म्हणून हमीपत्रावर डोळे मिटून सही करतात, ते यासाठी जपावे. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड. एका ट्रॉलीच्या उसापुढे दंड किरकोळ वाटेल, पण कैद किरकोळ नाही. आरा गिरण्यांच्या प्रकरणात हुकूम डावलल्याबद्दल २००६ साली सुप्रीम कोर्टाने राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक यांना एक महिन्याची कैद दिली. मंत्र्याला सुटका नाही, तिथे बांधकऱ्याचे काय!

मात्र ऊठसूट अवमानाचा अर्ज करू नये. पैशाचा हुकूमनामा असेल तर दरखास्त लावावी. उसाचे बिल १४ दिवसांत मिळाले नाही तर १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशाने १५ टक्के व्याज लागते, अन् त्याची दाद साखर आयुक्तांकडे. कोर्टाचा हुकूमच नसेल तर अवमान कसला? अवमानाची कारवाई एक वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते, हेही पुष्कळांना ठाऊक नसते.

हे सगळे कारखान्यालाही लागू आहे. संस्थेने हुकूम मोडला तर कारभार पाहणाऱ्यांवर बालंट येते. म्हणून कारखान्याविरुद्ध झालेला प्रत्येक हुकूम संचालक मंडळाच्या पुढच्याच सभेत विषयपत्रिकेवर यावा, अन् पालन कधी झाले त्याची तारीख इतिवृत्तात पडावी, असे आमचे मत आहे. वकिलाच्या कपाटात कागद ठेवून भागणार नाही.

सभासदांनी हुकुमाची सही-शिक्क्याची नक्कल विरुद्ध बाजूला देऊन पोच घ्यावी. हुकूम ठाऊक होता हे दाखवता आले नाही, तर "जाणूनबुजून" शाबीत होत नाही. रस्त्याचा हुकूम असेल तर दुसरी नक्कल तोडीची तारीख लागण्याआधी गट ऑफिसात द्यावी, म्हणजे शेतकी खात्याला टोळी पाठवण्यापूर्वी रस्त्याची खात्री करता येईल.